पाणी संपायच्या आत: वक्तृत्व, तत्त्वज्ञान आणि अथेन्सचं न्यायालय

अथेन्सच्या न्यायालयात बोलण्याची वेळ पाण्याने मोजत. मातीच्या भांड्याला बुडाशी बारीक नळी असे. भांडं भरायचं, नळीचं तोंड उघडायचं आणि पाणी संपेपर्यंत बोलायचं. आपल्याकडच्या घटिकापात्रात वाटी हळूहळू भरून बुडते. इथे उलट, भांडं रिकामं होत जातं. याचं नाव क्लेप्सिड्रा. कोणाला किती पाणी हे कायद्याने ठरलेलं होतं. इ.स.पू. चौथ्या शतकातले आकडे ॲरिस्टॉटलच्या नावावर असलेल्या 'अथेन्सची राज्यघटना' या ग्रंथात सापडतात: ५,००० ड्राख्मांहून (ड्राख्मा हे तिथलं चांदीचं नाणं) मोठ्या खाजगी दाव्यात पहिल्या भाषणाला १० खूस आणि दुसऱ्याला ३, ५,००० पर्यंतच्या दाव्यात ७ आणि २, १,००० पर्यंतच्या दाव्यात ५ आणि २. एक खूस म्हणजे सुमारे ३.२ लिटर. अथेन्सच्या आगोरात, म्हणजे शहराच्या मुख्य चौकात, झालेल्या उत्खननात २ खूस मापाचं असं एक भांडं मिळालं. ते सहा मिनिटांत रिकामं होतं. म्हणजे मोठ्यातल्या मोठ्या खाजगी दाव्यातही पहिल्या भाषणाला जेमतेम अर्धा तास, आणि प्रतिपक्षाच्या बोलण्याला उलट उत्तर द्यायला नऊ मिनिटं.

वक्तृत्व आणि तत्त्वज्ञान यांच्यातल्या ग्रीक वादाबद्दल वाचायला गेलं की बहुतेक ठिकाणी 'एका बाजूला सत्य, दुसऱ्या बाजूला शब्दांचा देखावा' अशी मांडणी भेटते. ती प्लेटोची मांडणी आहे, आणि प्लेटो या खटल्यातला एक पक्षकार आहे. मला या वादाचं मूळ या भांड्यात दिसतं. ज्या प्रश्नाचा निकाल आज संध्याकाळपर्यंत लावायचाच आहे त्याबद्दल कसं बोलावं, आणि ज्या प्रश्नाला हवा तितका वेळ देता येतो त्याबद्दल कसा विचार करावा, या दोन कामांचं एकमेकांशी नातं काय? वक्ता म्हणून गाजलेल्या गॉर्जियसपासून ॲरिस्टॉटलपर्यंत सगळे याच प्रश्नाभोवती फिरत आहेत, आणि ग्रंथ तसे वाचले तर त्यांतल्या कितीतरी अडलेल्या जागा मोकळ्या होतात.

आधी न्यायालय नीट समजून घ्यायला हवं. वकील नव्हते. वादीने आणि प्रतिवादीने स्वतः उभं राहून बोलायचं. कायदा समजावून सांगणारा न्यायाधीशही नव्हता. आपल्या बाजूचं कलम आपणच शोधून वाचून दाखवायला लावायचं. खाजगी दाव्यात कायदा किंवा साक्ष वाचली जात असताना पाणी थांबवत, म्हणून वक्त्यांच्या भाषणांत मध्येच 'पाणी थांबवा' अशी सूचना येते. समोर पंच बसलेले. दरवर्षी तिशी ओलांडलेल्या ६,००० नागरिकांची चिठ्ठ्या टाकून निवड होई आणि त्यातून खटल्यागणिक माणसं घेत: १,००० ड्राख्मांपर्यंतच्या खाजगी दाव्याला २०१, त्यावर ४०१, सार्वजनिक खटल्याला साधारण ५०१. रोजचा भत्ता ३ ओबोल, म्हणजे अर्धा ड्राख्मा. पंचांनी आपसात चर्चा करायची पद्धतच नव्हती. भाषणं संपली की लगेच मतदान, आणि खटला त्याच दिवशी निकाली.

आता अशा ठिकाणी एका शेतकऱ्याला किंवा चांभाराला उभं करा. त्याच्यासाठी भाषण लिहून देणारे व्यावसायिक लेखक तयार झाले यात नवल नाही. त्यांना लोगोग्राफोस म्हणत. भाषण ते लिहीत, पक्षकार पाठ करून म्हणे. भाषणाचे चार भाग ठरून गेले होते: प्रस्तावना, घडलेल्या गोष्टीचं कथन, पुरावे, उपसंहार. लिसियस या कामातला अव्वल माणूस. तो अथेन्सचा नागरिक नव्हता, परदेशी रहिवासी होता. त्याचे वडील केफालस सिसिली बेटावरच्या सिराक्यूजहून आलेले. त्याची खुबी अशी की भाषण पक्षकाराच्या तोंडी शोभेल असंच उतरे. बायकोच्या प्रियकराला ठार मारणाऱ्या युफिलेटसच्या बचावाचं भाषण पाहा. कथनात सुरुवातीलाच घराची रचना येते: घर दुमजली, वर बायका, खाली पुरुष, मूल झालं तेव्हा बाळाला न्हाऊमाखू घालायला बायकोला जिना उतरावा लागू नये म्हणून जागांची अदलाबदल केली. ऐकणाऱ्याला वाटतं, किती साधा, भोळा नवरा. पुढे ठरवून सापळा लावल्याचा आरोप येणार आहे, आणि असा भोळा माणूस सापळा कसा लावेल, ही शंका पुरावा सुरू व्हायच्या आधीच पंचांच्या मनात रुजलेली असते.

प्लेटोने 'रिपब्लिक' लिहिताना संवाद याच केफालसच्या कुटुंबाच्या घरी घडवला. लिसियस तिथे बसलेला आहे आणि पूर्ण ग्रंथभर एक शब्द बोलत नाही. ही योजना प्लेटोने सहज केली असेल असं मला वाटत नाही.

साक्षीदार नसतील तेव्हा काय करायचं? इथे या कलेतलं सगळ्यात जुनं हत्यार येतं: संभाव्यता, ग्रीकमध्ये एइकोस. परंपरेनुसार सिसिलीतल्या सिराक्यूजमध्ये इ.स.पू. ४६६च्या सुमारास हुकूमशाही कोसळल्यावर कॉरॅक्स आणि टिसियस या दोघांनी ते घडवलं. ते कसं चालतं आणि कुठे मोडतं हे पाहायला अथेन्सचा वक्ता अँटिफॉन याच्या पहिल्या 'चतुर्भाषणी'इतका चांगला नमुना नाही. ही सरावासाठी रचलेली चार भाषणं आहेत: आरोप, बचाव, पुन्हा आरोप, पुन्हा बचाव. रात्री एक माणूस आणि त्याचा गुलाम मारले गेले. गुलामाने मरण्यापूर्वी एकाचं नाव घेतलं, पण आता तो जिवंत नाही.

फिर्यादी म्हणतो: दरोडेखोरांचं काम असणं संभवत नाही, कारण अंगावरचे झगे तसेच होते. दारूच्या भरात भांडण होऊन घडलं असणंही संभवत नाही. कारण तसं असतं तर बरोबरच्या लोकांना माहीत असतं. मग उरतो तो जुना वैरी, ज्याच्यावर मृताने मोठा दावा लावला होता. बचावाचं उत्तर असं: मी वैरी आहे म्हणून मीच मारलं असणार असं तुम्हाला वाटतं. मग संशय माझ्यावरच येणार हे मला आधी कळलं नसेल का? ते कळत असताना मी मारणं तर अधिकच असंभाव्य. आणि झगे राहिले म्हणून दरोडेखोर नव्हते, हेही खरं नाही. कोणाची चाहूल लागली असेल तर लूट टाकून पळणं हाच शहाणपणा.

हत्यार कुठे बोथट होतं ते इथे डोळ्यांसमोर दिसतं. 'वैर होतं, म्हणून शक्य' या वाक्याच्या पोटातच 'वैर उघड होतं, म्हणून अशक्य' हे वाक्य आहे. एकच वस्तुस्थिती दोन्हीकडे वळते, आणि कुठे थांबायचं हे ठरवणारं काही त्या युक्तिवादात नसतं. फी घेऊन वादविद्या शिकवणारा प्रोटॅगोरस म्हणत असे की प्रत्येक विषयावर परस्परविरोधी दोन बाजू असतात. दुबळी बाजू सबळ करून दाखवण्याची त्याची विद्या लोकांच्या रागाचा विषय झाली ती यामुळेच. ॲरिस्टॉटलने पुढे दुखणं नेमकं पकडलं. वक्तृत्वावरच्या त्याच्या ग्रंथात, दुसऱ्या भागाच्या २४व्या प्रकरणात तो म्हणतो की यात दोन वेगळ्या संभाव्यता एकत्र केल्या जातात: एक सरसकट, दुसरी विशिष्ट परिस्थितीपुरती. वैरी मारतो हे सरसकट संभाव्य आहे. वैरी संशयाच्या भीतीने मारत नाही हे फक्त त्या परिस्थितीत. दुसरीला पहिलीची किंमत लावली की लबाडी झाली. जाता जाता एक गोष्ट सांगायला हवी: इतिहासकार थ्युसिडिडीसच्या मते अँटिफॉनने इ.स.पू. ४११ मध्ये स्वतःच्या जिवासाठी केलेलं बचावाचं भाषण तोवरच्या काळातलं सर्वोत्तम होतं. तरी त्याला देहदंड झालाच.

सिसिलीतल्याच लिओंतिनीचा गॉर्जियस इ.स.पू. ४२७ मध्ये राजदूत म्हणून अथेन्सला आला आणि त्याच्या बोलण्याने शहर दिपून गेलं. त्याचं 'हेलेनची स्तुती' हे भाषण छोटं आहे, अवघ्या २१ परिच्छेदांचं. नवऱ्याला सोडून ट्रॉयला गेलेल्या हेलेनवर युद्धाचं खापर फोडणं चूक कसं, हे तो ती का गेली असेल याच्या चार शक्यता घेऊन दाखवतो: देवांची इच्छा, बळजबरी, शब्दांची भुरळ किंवा प्रेम. चारही ठिकाणी ती निर्दोष. तिसऱ्या शक्यतेवर तो सर्वांत जास्त रमतो. शब्द हा मोठा सत्ताधीश आहे, त्याचा देह सूक्ष्म आणि अदृश्य, पण कामं दैवी, असं तो म्हणतो. औषधाचा शरीरावर जसा परिणाम, तसा शब्दाचा मनावर, काही तारक आणि काही मारक. यामागे विचार आहे, तो वाचताना निसटू देऊ नये. प्रत्येकाला भूतकाळाची आठवण, वर्तमानाची समज आणि भविष्याची जाण असती तर शब्दाला एवढी सत्ता मिळाली नसती, असं गॉर्जियस स्पष्ट लिहितो. माणसांना ज्ञान नाही, मतांवर भागवावं लागतं, आणि मतं डळमळीत असतात. हे तत्त्वज्ञानातलंच विधान आहे. म्हणून गॉर्जियसला 'नुसता वक्ता' म्हणून बाजूला सारणं मला पटत नाही.

प्लेटोने त्याच्याच नावाने लिहिलेल्या संवादात त्याला कात्रीत पकडलं आहे. ही पकड पायरीपायरीने पाहावी. सॉक्रेटिस आधी पटवण्याचे दोन प्रकार करतो: एकातून ज्ञान मिळतं, दुसऱ्यातून ज्ञानाशिवाय नुसता विश्वास बसतो. वक्तृत्व दुसऱ्यातलं, हे गॉर्जियस मान्य करतो. मग तो अभिमानाने सांगतो की वैद्य असलेल्या आपल्या भावाला जे रोगी औषध घेऊ देत नव्हते, त्यांना आपण बोलून राजी केलं. आणि कोणी शिष्याने विद्येचा गैरवापर केला तर दोष गुरूचा नाही; मुष्टियुद्ध शिकलेला बापाला मारू लागला म्हणून उस्तादाला हद्दपार करत नाहीत. इथवर सगळं ठीक. आता सॉक्रेटिस विचारतो, शिष्याला न्याय-अन्याय कळत नसेल तर? गॉर्जियस म्हणतो, तेही माझ्याकडे शिकेल. झालं. सुतारकाम शिकलेला सुतार, संगीत शिकलेला संगीतकार, तसा न्याय शिकलेला न्यायी. आणि न्यायी माणूस अन्याय करणारच नाही. मग गैरवापर करणारा शिष्य आला कुठून?

ही कात्री तपासली तर तिची एक कड बोथट आहे. न्याय म्हणजे काय हे शिकणं आणि न्यायी होणं, यांत सुतारकामापेक्षा बरंच अंतर आहे. सद्गुण म्हणजेच ज्ञान, हे सॉक्रेटिसचं गृहीतक मान्य केल्याशिवाय ती पायरी चढता येत नाही. संवादातला गॉर्जियसचा शिष्य पोलस लगेच ओरडतो, की 'मी न्याय शिकवत नाही' असं म्हणायची गॉर्जियसला लाज वाटली म्हणून तो अडकला. पोलसचं म्हणणं बरोबर आहे.

प्लेटोचा भक्कम आरोप पुढे येतो. वक्तृत्व ही कला नाहीच, तो नुसता सरावाने आलेला हातखंडा आहे, कारण आपण जे करतो ते का लागू पडतं याचं कारण त्याला देता येत नाही. वैद्यक शरीरासाठी जे आहे, तेच न्याय आत्म्यासाठी. आणि वैद्यकाचं सोंग घेणारी पाककला जशी, तसं न्यायाचं सोंग घेणारं वक्तृत्व. मुलांच्या पंचायतीसमोर वैद्य आणि आचारी उभे केले तर वैद्य उपाशी मरेल, हे त्याचं वाक्य पुष्कळ ठिकाणी दिलं जातं. त्यामानाने दुसरं एक वाक्य दुर्लक्षित राहतं. विश्वास आणि ज्ञान वेगळे केल्यावर सॉक्रेटिस म्हणतो: एवढ्या मोठ्या जमावाला, थोड्या वेळात, इतक्या मोठ्या गोष्टी वक्ता काही शिकवू शकणार नाही. गॉर्जियस चटकन मान्य करतो.

हेच शब्द आणखी एका ठिकाणी येतात. इ.स.पू. ३९९ मध्ये सॉक्रेटिसवर खटला चालला. प्लेटोने लिहिलेल्या त्याच्या बचावाच्या भाषणात, 'अपॉलॉजी'त, दोषी ठरल्यावर तो पंचांना सांगतो: देहदंडाचा खटला एका दिवसात न संपवता अनेक दिवस चालवायचा असा कायदा तुमच्याकडे असता, जसा इतरांकडे आहे, तर मी तुम्हाला पटवू शकलो असतो, पण थोड्या वेळात मोठी किटाळं झाडून टाकणं सोपं नाही. तीस मतं इकडची तिकडे झाली असती तर तो सुटला असता, असं तोच सांगतो. आणि 'थिएटेटस' या संवादात प्लेटो हिशोब पुरा करतो. न्यायालयात वाढलेला माणूस गुलामासारखा बोलतो, कारण वाहतं पाणी त्याला घाई करतं आणि प्रतिपक्ष आरोपपत्र घेऊन उभा असतो, त्याबाहेर बोलू देत नाही. तत्त्वचिंतकाकडे सवड असते. एका चर्चेतून दुसरीत जावं, बोलणं लांबो वा आटोपो, सत्य हाती लागलं म्हणजे झालं.

तीन संवाद, आणि तिन्हीकडे तक्रार एकच. म्हणून मला वाटतं, प्लेटोचा राग शब्दांच्या सौंदर्यावर मुळीच नव्हता. त्याच्याइतकं सुंदर ग्रीक गद्य लिहिणारे फार थोडे. ज्ञानाला जितका वेळ लागतो तितका न देता निर्णय घेणारी व्यवस्था, आणि त्या घाईलाच कला म्हणणारे लोक, यांच्यावर तो राग होता.

'फीड्रस'मध्ये तो एक पाऊल पुढे टाकतो आणि खरं वक्तृत्व कसं असेल ते सांगतो. अटी अशा. आधी विषयाची व्याख्या, कारण 'लोखंड' किंवा 'चांदी' म्हटलं की सगळ्यांच्या मनात एकच वस्तू येते, पण 'न्याय्य' म्हटलं की प्रत्येक जण वेगळीकडे जातो, आणि फसवणूक होते ती तिथेच. मग विखुरलेल्या गोष्टी एका कल्पनेखाली गोळा करणं, आणि पुन्हा नैसर्गिक सांध्यांवर त्यांचे भाग पाडणं. अडाणी खाटकासारखी हाडं मोडायची नाहीत. भाषणाला सजीव प्राण्यासारखं डोकं, धड, पाय हवेत. त्यानंतर आत्म्याचे प्रकार किती, भाषणांचे प्रकार किती, कोणतं भाषण कोणत्या आत्म्याला का लागू पडतं हे जाणणं. शेवटी समोरचा माणूस कोणत्या प्रकारचा आहे हे प्रत्यक्षात ओळखणं, आणि केव्हा बोलावं, केव्हा थांबावं याचं भान.

यादी उत्तम आहे, पण ती न्यायालयात नेऊन पाहा. ५०१ आत्मे समोर आहेत. कोणाला कोणतं भाषण? प्रकार जाणला तरी एकाच भाषणाने सगळ्यांशी बोलायचं आहे, आणि पाणी चालू आहे. ही कला दोघांच्या संवादात शक्य होते, नदीकाठी झाडाखाली बसलेल्या सॉक्रेटिस आणि फीड्रससारख्या दोघांच्या. सभेसाठी तिचा उपयोग कसा करायचा, हे प्लेटो सांगत नाही.

आयसॉक्रेटिस या कोंडीत वेगळ्याच बाजूने शिरतो. इ.स.पू. ४३६चा जन्म, आयुष्य ९८ वर्षांचं. आवाज बारीक, सभेपुढे उभं राहण्याचं धाडस नाही, हे त्याने स्वतःच लिहून ठेवलंय. म्हणून तो लिहीत आणि शिकवत राहिला. त्याची शाळा प्लेटोच्या अकादमीच्या थोडी आधी निघाली. फी १,००० ड्राख्मा, अभ्यासक्रम तीन-चार वर्षांचा. आणि आपल्या शिकवणीला तो तत्त्वज्ञानच म्हणे. आज आपण त्याला वक्तृत्वाच्या कप्प्यात टाकतो, कारण त्या नावावरचा दावा शेवटी प्लेटोने जिंकला.

'सॉफिस्टांविरुद्ध' (सॉफिस्ट म्हणजे फी घेऊन विद्या शिकवणारे) या त्याच्या लेखात दोन्हीकडे फटके आहेत. तीन-चार मिनांत, म्हणजे तीन-चारशे ड्राख्मांत, सद्गुण आणि सुख शिकवतो म्हणणारे वादपटू शिष्यांची फी तिसऱ्याकडे अनामत ठेवायला लावतात. ज्यांना न्याय शिकवणार त्यांच्यावरच यांचा भरवसा नाही! दुसरीकडे भाषणकलेचे शिक्षक ती मुळाक्षरांसारखी शिकवतात. अक्षरं ठरलेली असतात, कुठेही लिहा, तीच राहतात. भाषणाचं तसं नाही; एकाने सांगितलेलं दुसऱ्याला तसंच्या तसं उपयोगी पडत नाही, प्रसंगाला शोभणं आणि नवेपणा असणं हेच त्यात महत्त्वाचं. घोकंपट्टीच्या पुस्तकांतून तयार झालेला वक्ता नेमका का फसतो, याचं याहून नेमकं निदान मला त्या काळात दुसरीकडे दिसलेलं नाही.

उतारवयात लिहिलेल्या 'अँटिडोसिस'मध्ये त्याचा मुख्य मुद्दा येतो. काय करावं आणि काय बोलावं हे निश्चित सांगेल असं ज्ञान मिळवणं मानवी स्वभावाला शक्य नाही. तेव्हा मतांच्या आधारे बहुतेक वेळा योग्य तेच गाठतो तो शहाणा, आणि असं शहाणपण लवकर येईल अशा गोष्टींत गुंतलेला तो तत्त्वचिंतक. हे प्लेटोला दिलेलं थेट उत्तर आहे. वेळ वाढवून मिळाला असता तर ज्ञान झालं असतं, असं प्लेटोला वाटतं. आयसॉक्रेटिस म्हणतो, माणसाच्या व्यवहारात पाणी कधी थांबतच नाही. मला यात प्लेटोपेक्षा आयसॉक्रेटिस अधिक खरा वाटतो, जरी त्याची लांबच लांब, तोलून मापून रचलेली वाक्यं वाचताना दम लागतो, आणि 'बहुतेक वेळा योग्य' हे ओळखायचं कसं याचं उत्तर तो देत नाही.

ते उत्तर द्यायचा पद्धतशीर प्रयत्न ॲरिस्टॉटलने केला. वीस वर्षं प्लेटोच्या अकादमीत काढलेला हा माणूस ग्रंथाच्या पहिल्याच वाक्यात वक्तृत्वाला वादशास्त्राच्या जोडीला बसवतो. त्याची व्याख्या प्रत्येक शब्दासकट लक्षात ठेवण्यासारखी आहे: कोणत्याही विषयात पटवण्याची जी जी साधनं उपलब्ध आहेत ती पाहण्याची क्षमता. पटवण्याची नव्हे, पाहण्याची. रोगी बरा होईलच असं नाही, तरी वैद्यक ही कलाच. आणि गैरवापराचं काय? बळ, आरोग्य, संपत्ती, सेनापतित्व, सगळ्यांचाच गैरवापर होतो. दोष क्षमतेत नसून हेतूत असतो. गॉर्जियसने दिलेलं, पण त्याला टिकवता न आलेलं उत्तर इथे उभं राहतं.

विषयाची मर्यादाही तो आखतो. ज्या गोष्टींसाठी वेगळं शास्त्र नाही आणि ज्या वेगळ्या होऊ शकतात, अशा गोष्टींबद्दल वक्तृत्व; आणि ऐकणारे असे की ज्यांना एका नजरेत अनेक गोष्टी सामावता येत नाहीत, लांबून येणारी युक्तिवादाची साखळी धरता येत नाही. क्लेप्सिड्रासमोरचा पंच हाच. म्हणून पुराव्याचं खास रूप येतं, एन्थिमेम. त्याचं उदाहरण: डोरिअसला मुकुट मिळाला हे सांगायचं असेल तर 'तो ऑलिम्पियात जिंकला' एवढं पुरे, ऑलिम्पियात बक्षीस म्हणून मुकुट देतात हे जोडायची गरज नाही, सगळ्यांना ठाऊक आहे.

यावरून एन्थिमेम म्हणजे 'अर्धवट अनुमान' अशी व्याख्या पाठ्यपुस्तकांत रूढ झाली. तिने घोटाळा होतो. मुख्य गोष्ट गाळलेलं वाक्य ही नाही. विधानं संभाव्यतेतून आणि चिन्हांतून घेतलेली असतात ही आहे. चिन्हं दोन जातींची. 'ताप आहे, म्हणून आजारी', 'दूध आलंय, म्हणून बाळंत झाली आहे' ही पक्की. 'श्वास जोरात चाललाय, म्हणून ताप आहे' हे कच्चं, कारण ताप नसतानाही धाप लागते. धूर पाहून पर्वतावरचा अग्नी ओळखणाऱ्या न्यायशास्त्राची सवय असलेल्या मराठी वाचकाला हा भेद लगेच उमजेल. फरक इतकाच की नैयायिक अनुमानाचे पाचही अवयव, म्हणजे टप्पे, मांडतो आणि अथेन्सचा वक्ता श्रोत्याच्या डोक्यात आधीच असलेलं वाक्य त्याच्याकडूनच भरून घेतो. आणि फसगतही तिथेच होते: श्रोत्याने भरलेलं वाक्य खरं आहे की फक्त रूढ आहे, हे तपासायला कोणी थांबत नाही.

दुसरा नेहमीचा घोटाळा एथॉसबद्दल. वक्त्याची विश्वासार्हता म्हणजे त्याची आधीची कीर्ती, असं समजतात. ॲरिस्टॉटल उलट सांगतो: ती भाषणातूनच निर्माण झाली पाहिजे, लोकांच्या आधीच्या मतातून नव्हे. आणि तिचे घटक तीन: समज, सद्गुण, श्रोत्यांबद्दल सद्भाव. यांतला एक जरी नसला तरी सल्ला बिघडतो. समज नसेल तर मत चुकतं. समज आहे पण सद्गुण नाही तर मनातलं सांगत नाही. दोन्ही आहेत पण सद्भाव नाही तर उत्तम ते माहीत असून गप्प बसतो.

ग्रंथात एक उघड विसंगती आहे. पहिल्या प्रकरणात तो म्हणतो, पंचांना राग, मत्सर, दया यांनी वळवणं म्हणजे ज्या पट्टीने मोजायचं तीच वाकडी करणं. दुसऱ्या प्रकरणात भावनांना पटवण्याच्या तीन साधनांपैकी एक मानतो, आणि दुसऱ्या भागाची दहा प्रकरणं त्यांनाच देतो. बरेच अभ्यासक हे दोन वेगळ्या काळांतलं लेखन मानतात. मला ते जुळवता येतं असं वाटतं, आणि किल्ली रागाच्या व्याख्येत आहे. राग म्हणजे आपला किंवा आपल्या माणसांचा कारण नसताना उघड अवमान झालाय असं वाटल्याने, वेदनेसह येणारी उघड सूडाची इच्छा. अवमान तीन प्रकारचा: तुच्छ लेखणं, दुसऱ्याच्या इच्छेत मुद्दाम मोडता घालणं, आणि मजा म्हणून केलेली मानखंडना. प्रत्येक भावनेबद्दल तो तीनच प्रश्न विचारतो: कोणत्या मनःस्थितीत ती येते, कोणाबद्दल, कशावरून.

'वाटल्याने' या शब्दावर सगळं उभं आहे. रागाच्या पोटात एक समजूत असते, आणि समजूत खरी-खोटी असते. अवमान झालाच नव्हता, किंवा नकळत झाला, हे दाखवलं की राग उतरतो. चूक कबूल करून नमणाऱ्यावरचा राग शमतो, बसलेल्या माणसाला कुत्रीही चावत नाहीत असं तो लिहितो. तेव्हा घडलेल्या अन्यायाबद्दल योग्य समजूत देऊन आलेला राग पट्टी वाकडी करत नाही. आरोपीची रडणारी मुलं व्यासपीठावर आणणं करतं, कारण खटल्याच्या मुद्द्याशी त्यांचा संबंध नाही. प्लेटोने मागितलेलं 'आत्म्याचं ज्ञान' इथे सभेपुरतं वापरण्याजोगं झालंय: प्रत्येक आत्मा नव्हे, तर भावनांचे आणि वयांचे प्रकार. तरुण, म्हातारे, प्रौढ अशी स्वतंत्र प्रकरणं आहेत. शरीराचा बहर तीस ते पस्तीस, मनाचा साधारण एकोणपन्नास, असा आकडाही तो देतो.

मूळ ग्रंथ वाचायला घ्यायचे असतील तर 'हेलेन' आधी, एका बैठकीत होतं. मग 'गॉर्जियस'चा गॉर्जियस बोलतोय तेवढाच पहिला भाग. प्लेटोच्या सगळ्या आवृत्त्यांत समासात जे क्रमांक असतात त्यांतले ४४७ ते ४६१. 'थोड्या वेळात' हे वाक्य ४५५ वर मिळेल, 'अपॉलॉजी'तलं ३७ वर, पाण्याचा उल्लेख 'थिएटेटस' १७२ वर. 'फीड्रस' २५७पासून पुढे. ॲरिस्टॉटल पहिल्या पानापासून सलग वाचू नये, भावनांच्या प्रकरणांनी सुरुवात करावी, दुसऱ्या भागाचं दुसरं प्रकरण. आणि २४वं प्रकरण उघडाल तेव्हा अँटिफॉनची चार भाषणं शेजारी ठेवावीत आणि प्रत्येक 'संभवतं'पुढे खूण करत जावं: हे सरसकट, की या परिस्थितीपुरतं.